कोतवालीच्या भिंतीवरचा पाचवा

फेरारा, ३ मार्च १४४२

नोफ्री, शेळीच्या पोरा,

जिवंत आहे. आधी तेस्साआईला एवढं सांग, तिचं रडं आवरू दे, मग पुढचं वाच. जानेवारीत तुमच्या माळ्यावर तीन दिवस गवतात दडून काढले, त्याची खाज अजून जात नाही. इथे माझं नाव मात्तेओ. एका लोकरीच्या व्यापाऱ्याची पत्रं लिहितो आणि त्याच्या बायकोच्या हातचं पाणचट सूप गिळतो. आम्ही पाच जण गावाचा कारभार करणारी सभा उलथवायला निघालो होतो आणि सभेनेच आम्हाला उलथवलं, एवढीच आमची कीर्ती.

बातमी अशी आहे की आम्हा पाचही फितुरांना कोतवालीच्या भिंतीवर रंगवायचं सभेने ठरवलंय. एका पायाने उलटे टांगलेले, खाली नाव आणि शिव्यांचं कवन. माणूस हाती लागला नाही की रोक्कामारात त्याच्या चित्राला फाशी देतात, आपली जुनी हौस. हसू येतं, पण पुरतं हसताही येत नाही. ज्याचं चित्र त्या भिंतीवर लागलं त्याला कुणीही, कुठेही मारावं, त्यात गुन्हा नाही, वर बक्षीस.

तरी मला घोर नाही. अठराव्या वर्षी बापाने मला ब्रुजच्या पेढीवर धाडलं आणि दहा वर्षांनी परतलो तो थेट तुमच्या माळ्यावर. माझं नाव अख्ख्या गावाला ठाऊक आहे, पण आजचं तोंड तू आणि तेस्साआई सोडून गावात कुणी पाहिलेलं नाही. उरलेले चौघे माझ्यासारखेच बिळात बसलेत. नुसत्या नावाला कोण सुरा मारणार?

हे काम कोणता निर्लज्ज चितारी घेतोय तेवढं कळव. त्याच्या नावाने एक पेला रिचवतो. पत्रं नेणाऱ्या पुच्चो खेचरवाल्याला अक्षर ओळखता येत नाही, तेव्हा मोकळेपणी लिही.

तुझा दूधभाऊ
वियेरी


रोक्कामारा, २१ मार्च

वियेरी,

निर्लज्ज चितारी मीच आहे. पेला रिचवून झाला असेल तर ऐक.

सभेचा चिटणीस स्वतः कामाच्या जागी आला. मी परीटवाडीच्या देवळात मेरीच्या झग्याला निळा लावत होतो. तो म्हणाला, "माल्दोत्तींच्या पोराबरोबर वाढलास ना तू? मग त्याचं तोंड तुला माहीत असणार." मी म्हटलं, दहा वर्षांत पाहिलं नाही. तो म्हणाला, "माणसाचं नाक दहा वर्षांत बदलत नाही." नाही म्हटलं तर चिताऱ्यांच्या संघातून नाव काढणार, आणि संघात नाव नसलेल्या माणसाने या गावात खुराड्याला चुना लावला तरी दंड. शिवाय मग पुढचा प्रश्न येतो तो आमच्या माळ्याचा.

ही भिंत रंगवणाऱ्याला पुढे काय म्हणतात ते तुला ठाऊक आहे. त्या आधीच्या म्हाताऱ्याला मरेपर्यंत 'फासवाला' म्हणत. त्याच्या मुलीला लग्नात सुद्धा तेच नाव लागलं. मलाही लागेल.

आईला तुझी खुशाली सांगितली. ती रडली नाही, हसली आणि म्हणाली, "सूप पाणचट असेल तर त्यात शिळा पाव कुस्करून घे म्हणावं." तू चार महिन्यांचा असल्यापासून तिने तुला पाजलं आणि मला शेळीवर सोडलं, हे तू मला शेळीचं पोर म्हणून दरवेळी सांगतोस, पण ती कधी विसरली असं नाही. अजून तुझं नाव निघालं की तिचा हात छातीकडे जातो. मी हे सहन करत आलोय. आता तू सांग, मी काय करू? तुझं तोंड काढलं तर तुला मारल्यासारखं आहे. नाही काढलं तर मला.

नोफ्री


फेरारा, ४ एप्रिल

अरे नोफ्री,

हसून हसून बरगड्या दुखल्या. माझ्या फाशीचं काम घरातच राहिलं, बाहेर गेलं नाही, हे बरं झालं. घे काम. माझं नाव लिही, कपडे माल्दोत्तींच्या रंगाचे दे, लाल आणि राखाडी, आणि तोंड दुसऱ्या कुणाचं लाव. सभेतल्या कुणाला कळणार? तसंही हुबेहूब तुला कधी जमलं नाही. आमच्या चॅपेलमध्ये तू संत जॉर्जचा घोडा काढलास आणि माझी आत्या प्रार्थनेला बसली की लोक एकदा घोड्याकडे बघायचे, एकदा तिच्याकडे.

फक्त एक सांभाळ. जिवंत माणसाचं तोंड लावू नको, नाहीतर कुठल्यातरी बिचाऱ्या चांभाराला माझ्या नावाने भोसकतील आणि तू जन्मभर त्याच्या विधवेसाठी मेणबत्त्या लावत बसशील. मेलेल्याचं लाव. बेत्तोचं लाव! तुझा बाप, कोळसे पाडणारा. वर्षभर डोंगरात, गावात आला की तोंड काळंकुट्ट. त्याचं तोंड धुतलेलं कुणी पाहिलंय? तो तक्रार करायला येणार नाही आणि मरून पडलेल्याला कोण शोधणार? माझ्या या डोक्याला सभेत मान मिळायला हवा होता. फुकट गेलं.

काम कर आणि कळव.

वियेरी


रोक्कामारा, ९ मे

वियेरी,

झालं. तू सांगितलंस तसंच केलं. कसं झालं ते सांगतो, कारण दुसऱ्या कुणाला सांगता येत नाही.

भिंतीवर ओल्या गिलाव्यात काम करायचं म्हणजे त्या दिवशी लावलेला चुना त्या दिवशीच रंगवून संपवायचा. वाळला की रंग धरत नाही. आम्ही वरून खाली येतो. त्यामुळे उलट्या टांगलेल्या माणसाचा आधी दोरीतला पाय, मग पोट, आणि डोकं सगळ्यात शेवटी. पहिले चौघे वरच्या ओळीत, त्यांची डोकी मी सांगोवांगी केली, कुणाची दाढी, कुणाचा चामखीळ. पाचव्या दिवशी खालच्या फळीवर तुझं, रस्त्यावरून जाणाऱ्याच्या खांद्याएवढ्या उंचीवर.

बापाचं धुतलेलं तोंड मी एकदाच पाहिलंय. तुमच्याच चुलीचा कोळसा आणताना तो दरीत गेला आणि आईने त्याला टेबलावर घेऊन धुतला तेव्हा. मी सात वर्षांचा होतो. चुना ओला असताना मला एवढंच आठवत राहिलं की त्याची एक भुवई मधेच तुटलेली होती. उलटं लटकवलं की माणसाचे गाल डोळ्यांकडे येतात. मी बापाचे गाल डोळ्यांकडे आणले.

आणि मग जे आपण दोघांनीही धरलं नव्हतं ते झालं. चिटणीस म्हणाला, "चेहरे खरे आहेत की नाहीत याला साक्ष लागते. माल्दोत्तीला दूध कुणी पाजलं? तुझ्या आईने. आणा तिला."

तिला काही सांगायला मला वेळ मिळाला नाही. दोन शिपाई तिला बाजारातून घेऊन आले, हातात कांद्यांची जुडी तशीच. चौकात पन्नास एक माणसं जमली होती. चिटणीस म्हणाला, "तेस्साबाई, नीट बघ. हा वियेरी माल्दोत्तीच ना?" आई वाकली. मान तिरकी करून तिने बघितलं. तिचं बघणं किती वेळ चाललं ते मला सांगता येणार नाही. माझ्या हातातला कुंचला वाळला.

चिटणीस म्हणाला, "काय झालं? ओळख पटत नाही?"

ती म्हणाली, "पटते की. ही भुवई माझ्या देखत फुटली. हाच तो. याला मी या छातीवर वाढवलाय." आणि क्रॉसवर हात ठेवून शपथ घेतली.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. तिच्या हातातले कांदे कुणीतरी काढून घेऊन तिथेच भिंतीवर मारले. दुसऱ्या दिवशी आई एवढंच म्हणाली, "त्याचा जीव वाचवायला तुला दुसरं तोंड सुचलं नाही?" मला सुचलं असंच तिला वाटतंय. मी तसंच वाटू दिलं.

नोफ्री


फेरारा, २५ मे

नोफ्री, गड्या!

दहा वेळा वाचलं. तेस्साआई म्हणजे वाघीण आहे! सबंध सभेला एका म्हातारीने कांद्याच्या जुडीसकट गुंडाळून ठेवलं. इथल्या लोकांना सांगता येत नाही म्हणून माझा जीव कासावीस होतोय.

आणि बेत्तो! जन्मभर आमच्या मागच्या दाराने आत आला, आता बसला कोतवालीच्या दर्शनी भिंतीवर. कोळशेवाल्याच्या घराण्याला एवढा मान कधी मिळाला होता?

परवा व्यापाऱ्याने मला नवा कोट दिला. मिशी ठेवावी म्हणतोय.

वियेरी


रोक्कामारा, १९ जून

वियेरी,

तुला सांगायचं नव्हतं, पण सांगतो.

लोक रोज मारतात. आधी कांदे, सडके सलगम, आता शेण. उरलेल्या चौघांना फारसं कुणी मारत नाही, ते उंचीवर आहेत. तुझं डोकं हाताशी लागतं आणि तुझ्या घराण्यावर लोकांचा राग आहे. तुझ्या बापाने दुष्काळात धान्य कोंडून ठेवलं ते अजून कुणी विसरलेलं नाही. बाजारच्या दिवशी एक कसाई रक्ताची बादली घेऊन आला. त्याचा भाऊ त्या साली भुकेने गेला होता. तो रडत होता आणि फेकत होता. मला त्याला थांबवावंसं वाटलं नाही. ती बादली माझ्या बापाच्या तोंडावर पडली.

आई विहिरीला लांबच्या वाटेने जाते. परवा पायऱ्यांवर पडली, कोपर सुजलंय. मी म्हटलं, चौकातून जा, जवळ पडतं. ती म्हणाली, "बायकोने नवऱ्याच्या तोंडाकडे न बघता त्याच्या समोरून जायचं, हे मला जमत नाही. आणि बघितलं तर माझं तोंड लोक बघतील."

मला तुझ्याकडून एकच हवंय. तिला दोन ओळी लिही. मी वाचून दाखवीन. तिने काय केलं ते तुला समजलंय, एवढंच लिही. आणि बेत्तोबद्दल काहीतरी. हे तुला सुचलं होतं हे मी तिला अजून सांगितलेलं नाही.

नोफ्री


फेरारा, ३ जुलै

नोफ्री,

किती कुढतोस रे! चुन्याला शेण लागलं तर चुन्याला लागलं, बेत्तोला कुठे लागतंय? तो केव्हाच मातीला मिळाला. माझ्या बापाच्या धान्याचं म्हणशील तर ज्याचं कोठार त्याची मर्जी, कसायाला कुणी सांगितलं होतं भाऊ ठेवायला.

आता खरी बातमी. मी येतोय! संत दोनातोच्या जत्रेला. इथे बसून बसून मला गंज चढलाय. जुना कोतवाल जूनअखेर गेला, आपल्या रीतीप्रमाणे नवा परगावचा आलाय, त्याला तिथलं कुत्रंसुद्धा ओळखत नाही. जत्रेत परगावचे हजार यात्रेकरू असतात. मी गवती टोपी घालीन, हातात काठी. आणि सरळ कोतवालीसमोर उभा राहून स्वतःला लटकताना बघीन. असं भाग्य कुणाला मिळतं? बेत्तोला टोपी काढून नमस्कार करणार आहे, म्हणणार आहे, "मालक, आज आम्ही तुमच्या दारात." ही गोष्ट मी म्हातारपणी सांगेन आणि लोक माझ्यासाठी पेले भरतील.

तेस्साआईला वेगळं काय लिहू? तिच्या हातची चेस्टनटच्या पिठाची भाकरी खायला येतोय म्हणावं. त्यात सगळं आलं.

कळव, ये म्हणून.

वियेरी


रोक्कामारा, १६ जुलै

वियेरी,

ये.

जत्रेच्या सकाळी मिरवणूक संपल्यावर चौकात सगळ्यात जास्त गर्दी असते, तेव्हा ये. उत्तरेच्या वेशीतून, तिथे यात्रेकरूंना कुणी अडवत नाही. भिंतीला मधे ओल लागली होती. तुझ्या डोक्याचा गिलावा फुगला, म्हणून छिन्नीने तेवढा काढून पुन्हा केला. सभेने परवानगी दिली, नव्या कोतवालाला आधीचं माहीत नाही. तू त्याची चिंता करू नको. या वेळी मी काम नीट केलंय.

नोफ्री


कोतवालीच्या तळघरातून, ८ ऑगस्ट

नोफ्री,

ज्याच्या हाती हे पाठवतोय त्या शिपायाला माझा कोट दिलाय. वेळ थोडा आहे.

काल तू सांगितलंस तसा आलो. चौकात उभा राहिलो, मान तिरकी केली, मोठ्याने म्हणालो, "मालक, आज आम्ही तुमच्या दारात," आणि टोपी काढली. नोफ्री, भिंतीवर मी होतो. मी! माझी मिटायला नको म्हणणारी डावी पापणी, ओठाचा कोपरा, मी खोटं बोलताना जसा उचलतो तसा. बेत्तो नव्हताच. शेजारी एक चीजवाली होती. तिने भिंतीकडे बघितलं, माझ्या उघड्या डोक्याकडे बघितलं आणि किंचाळली. पळायला मला सुचलंच नाही. मी त्या तोंडाकडेच बघत राहिलो होतो.

कुणी केलं हे? सभेने तुझ्यावर दुसरा कुणी बसवला का? फ्लोरेन्सहून आणला का कुणी? इतकं हुबेहूब तुला जमणार नाही हे मला ठाऊक आहे, म्हणून तुझ्यावर माझा संशय नाही. तुला धमकावलं असेल आणि मला कळवायला वेळ मिळाला नसेल. मी समजू शकतो.

आता नीट ऐक. मी सांगितलंय की मी लुक्काचा मात्तेओ, यात्रेकरू, सारखं दिसणं हा काही गुन्हा नाही. कोतवाल परगावचा आहे, त्याला चूक नकोय. तो म्हणाला, नुसत्या चित्रावर माणूस टांगणार नाही, साक्ष आणा. उद्या सकाळी तेस्साआईला आणणार आहेत. तिने एवढंच म्हणायचं, "हा तो नव्हे." तीन शब्द. ती पन्नास माणसांसमोर खोटी शपथ घेऊन चुकली आहे, तिला आणखी एक काय जड? तिला सांग, तिचा वियेरी तिच्या पाया पडतोय. सांग, मला थंडी वाजतेय. तिला असं सांगितलेलं लागतं.

तुझ्यावर सगळं आहे. आपण भाऊ आहोत.

वियेरी


रोक्कामारा, ८ ऑगस्ट, संध्याकाळ

वियेरी,

तोच शिपाई हे परत आणतोय. तुझा कोट त्याला घट्ट होतो.

चितारी फ्लोरेन्सचा नाही. मी आहे. आईला दोन ओळी लिही म्हटल्यावर तू जत्रेचं पत्र धाडलंस. ते मिळालं त्याच दुपारी मी छिन्नी घेऊन गेलो. बापाचं तोंड हळूच खरवडून काढलं, चुरा फडक्यात बांधला आणि पाद्र्याला न विचारता त्याच्या कबरीत पुरला. मग ताजा चुना लावला आणि तुला काढायला बसलो. आधी रेघ आखावी लागली नाही. तुझी पहिली अठरा वर्षं आणि माळ्यावरचे ते तीन दिवस मी तुझ्याचकडे बघत आलोय, तुला काय हवंय, तू हसलास की नाही, रागावलास की नाही. आमच्यासारख्यांना मालकाचं तोंड पाठच असतं. सूर्य मावळायच्या आत काम संपलं आणि मी खाली उतरून मागे सरलो तेव्हा मला कळलं की जन्मात पहिल्यांदा मी चित्र काढलंय. खोटं कशाला सांगू, त्या क्षणी मला बाप आठवला नाही, आई आठवली नाही. नुसता आनंद झाला.

आधीचं तोंड शेणारक्ताखाली केव्हाच हरवलं होतं, म्हणून चिटणीसालाही फरक कळला नाही. लोक आता शेण मारत नाहीत. समोर उभे राहतात आणि म्हणतात, आता बोलेल. सभेने मला मोठ्या देवळाची वेदी रंगवायला दिलीय. मी ती घेणार आहे. तू मला हलकट म्हणशील, तर म्हण.

आईला सगळं सांगितलं. भिंत का बदलली हे तिने विचारलंच नव्हतं, पुन्हा चौकातून विहिरीला जायला लागली होती एवढंच. आज मी तिला सांगितलं की बेत्तोचं तोंड लाव हे तू लिहिलं होतंस. कशा शब्दांत लिहिलंस तेही सांगितलं, धुतलेलं तोंड कुणी पाहिलंय, आणि मागचं दार, आणि दर्शनी भिंत. ती शेंगा सोलत होती. सोलत राहिली. तुझा निरोपही दिला, थंडीचा, पाया पडण्याचा. शब्द न शब्द दिला, काही राखलं नाही.

ती उद्या काय बोलणार ते मला ठाऊक नाही. मी विचारलं. तिने केस धुतले, चर्चला जायची काळी शाल काढली. कोतवालाने ठरवलंय की साक्ष पटली तर खिडकीच्या गजाला, चित्रात आहेस तसाच, एका पायाने. तेही मी तिला सांगितलं, कारण चौकात दोरी बांधायला सुरुवात झाली आहे आणि तिने ती बघितली असती.

मग तिने एकच गोष्ट विचारली. "उलटं टांगलेला माणूस किती वेळ जगतो?"

मी म्हणालो, "एक दिवस. दणकट असेल तर दुसऱ्या दिवशीच्या दुपारपर्यंत."

ती म्हणाली, "दणकट आहे तो."

नोफ्री